इंगळे साहेबांचा गारा

आमच्या घराची मागची भिंत बकरीने पाडली हे मी आधीच सांगून टाकतो. पुढे ते कुणी ना कुणी सांगणारच आहे, आणि चुकीचं सांगणार आहे. ती भिंत मी निवृत्तीनंतर स्वतः उन्हात उभं राहून बांधून घेतली होती. बकरी शेजारच्या पुंजाजींची. ती भिंतीला नुसती टेकली, असं पुंजाजी म्हणतात. ती लांबून धावत येऊन आदळली, असं माझं म्हणणं आहे. ज्या माणसाने सगळी नोकरी बांधकाम खात्यात काढली, त्याची भिंत बकरी टेकल्याने पडेल का, याचा विचार ज्याने त्याने आपल्या घरी बसून करावा.

भिंत पडल्यापासून पुंजाजी पुढच्या दाराने येत नाहीत. खिंडारातून थेट आमच्या स्वयंपाकघराच्या ओट्यापाशी उगवतात. तलाठी म्हणून निवृत्त झालेला माणूस. दुसऱ्याच्या हद्दीत शिरायची सवय जुनी आहे. त्यांची शेती देऊळघाटला, राहणं बुलडाण्यात आणि मुक्काम आमच्या ओट्यापाशी, असा एकूण सातबारा आहे.

तर मयुरीचा ठाण्याहून फोन आला तेव्हाही ते तिथंच उभे होते.

मयुरी आमची मुलगी. ठाण्याला नोकरी करते, आणि तिथंच एलिझर झिराडकर नावाच्या मुलाशी लग्न करायचं तिने ठरवलं आहे. मुलगा सोन्यासारखा. आम्ही बौद्ध, ते बेने इस्राएली ज्यू, आणि दोन्ही घरांत भांडण असं काहीच नव्हतं. फक्त एलिझरची आई, सिप्पोराबाई, होही म्हणत नव्हत्या आणि नाहीही म्हणत नव्हत्या. नाही म्हटलं तर निदान समजूत घालता येते. गप्प बसणाऱ्या माणसाचं काय करायचं, हे खात्याच्या कुठल्याही परिपत्रकात लिहिलेलं नाही.

"बाबा, त्या येताहेत," मयुरी म्हणाली. "आम्ही तिघंही. जयंतीच्या दुसऱ्या दिवशी. त्याच संध्याकाळी त्यांचा पेसाखचा सण आहे, तो त्या आपल्या घरी करणार आहेत."

"करू दे की," मी म्हणालो.

"बाकी सगळं त्या घेऊन येणार. फक्त एक पदार्थ आपण करायचाय. हारोसेत म्हणतात. खजूर, बदाम, अक्रोड, काळ्या मनुका, सगळं वाटून, आटवून. मिसर देशात त्यांचे लोक गुलाम होते ना, त्यांच्याकडून विटा पाडून घ्यायचे. त्या विटांच्या गाऱ्याची आठवण म्हणून हे खातात. त्या म्हणाल्या, गारा तुमच्याकडे करा." मग तिने आवाज खाली आणला. "बाबा, नीट करा हं. त्या हो म्हणाल्याशिवाय तारीख धरायची नाही, असं आमचं ठरलंय."

मी फोन ठेवला तेव्हा माझी छाती फुगली होती. सासऱ्याची परीक्षा घ्यायची, आणि विषय कुठला, तर गारा. मी धम्मशीलाला, म्हणजे आमच्या सौभाग्यवतीला, तिथल्या तिथे सांगून टाकलं, की यात तू पडू नकोस. वाळू-सिमेंट असो की खजूर-बदाम, प्रमाण आणि पाणी सांभाळलं की गारा जमतो.

"हाव," ती म्हणाली. "भिंतीले पाह्यलं ना आमी."

मी तिकडे लक्ष दिलं नाही.

"सायेब, कोन व्हय थे लोकं?" पुंजाजींनी विचारलं.

"ज्यू."

"जू? बैलाच्या मानीवरचं?"

मी त्यांना सगळं समजावलं. कोकणात हे लोक पूर्वी तेलाचे घाणे चालवायचे, शनिवारी घाणा बंद ठेवायचे, म्हणून गाव त्यांना शनवार तेली म्हणायचं. पुंजाजींच्या चेहऱ्यावर एकदम समाधान पसरलं. "मंग सांगा ना तसं. वळखीचेच निंघाले," असं म्हणून ते ही बातमी द्यायला खिंडारातून घरी गेले. संध्याकाळपर्यंत आख्ख्या गल्लीत झालं, की इंगळे साहेबांच्या मुलीचं तेल्याच्या घरी जमलं आणि व्याही शनिवारी दुकान उघडत नाहीत. तीनजणांनी येऊन मला तेलाच्या भावाबद्दल विचारलं.

मी सामान आणलं. रोजे चालू असल्याने बाजारात खजूर मुबलक होता. सिप्पोराबाईंचा निरोप होता की भांडं नवं हवं, म्हणून स्टीलचा एक नवा डबा घेतला. डबा मी मुद्दाम चौकोनी, लांबट निवडला. गोल डब्यात गारा कसा दिसणार? आता वाटतं, तो गोल घेतला असता तर पुष्कळ गोष्टी टळल्या असत्या.

पहिला घाणा मिक्सरमध्ये लावला. बिया काढायचं काम मी स्वतः केलं होतं, त्यामुळे एक बी राहिली हा आरोप मला मान्य नाही. पण मिक्सरमधून काहीतरी तुटल्याचा आवाज आला, मग वास आला, मग धम्मशीला आली. तिने भांड्यात बोट घालून बी बाहेर काढली आणि ओट्यावर माझ्यासमोर ठेवली. मिक्सर तिच्या भावाने दिलेला होता.

मिक्सर दुरुस्त करणारा जीवन जयंतीच्या मिरवणुकीचं लाइटिंग करत होता. तो म्हणाला, साहेब, आता सोळा तारखेशिवाय नाव काढू नका. तेव्हा पुंजाजींनी सल्ला दिला. "इतलं काऊन डोकं लावून राह्यले? जयमालाच्या कांडपावर न्या. दोन मिंटात पीठ."

जयमालाबाईंचं कांडप मशीन आमच्या मागच्याच रस्त्यावर आहे. एप्रिल म्हणजे वर्षाचं तिखट करायचे दिवस. तिथे बायकांची ही रांग, आणि सगळ्या शिंकत होत्या. त्या रांगेत मी खजुराचं पातेलं घेऊन उभा. जयमालाबाईंनी माझं पद ओळखून मला पुढे घेतलं आणि खात्री दिली, "म्या मशीन धुतली सायेब. एकदम साफ. बिनधास टाका."

मशीन धुतली असेलही. घरी येऊन मी चमचाभर चाखलं तेव्हा आधी छान गोड लागलं. मग कान गरम झाले. मग डोळ्यांतून पाणी यायला लागलं आणि उचकी लागली, ती पुंजाजी येईपर्यंत थांबली नाही. त्यांनी बोटाने थोडं चाटलं, क्षणभर विचार केला आणि घरून भाकर घेऊन आले.

"सायेब, चटणी झकास झाली," ते खात खात म्हणाले. "मिसरातले लोकं खात असन तर मजा करत व्हते बिचारे."

दुसरा घाणा गीताबाईंच्या पाट्या-वरवंट्यावर वाटला. गीताबाई म्हणजे पुंजाजींची बायको, आणि त्या घरातलं एकमेव कामाचं माणूस. पाटा उचलून खिंडारातून इकडे आणताना मला भिंत पडल्याचा पहिल्यांदाच उपयोग झाला, हे कबूल केलं पाहिजे. वाटून वाटून माझे दोन्ही हात कोपरापर्यंत खजुराने माखले. मिश्रण गूळ घालून गॅसवर ठेवलं, ढवळायला लागलो, आणि निळी ज्योत पिवळी झाली, लहान झाली आणि गेली.

सिलेंडर संपला होता. दुसरा घरात नव्हता. मी हात धुतले, म्हणजे धुतले असं मला वाटलं, आणि गॅस एजन्सीत गेलो.

काउंटरवरच्या पोराने कॉम्प्युटरमध्ये पाहिलं. "काका, तुमचं आधार जोडलेलं नाही. अंगठा लावा."

मी अंगठा लावला.

"जुळत नाही. परत लावा."

परत लावला. दुसऱ्या हाताचा लावला. त्याने माझ्याकडे पाहिलं, स्क्रीनकडे पाहिलं आणि रांगेला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, "काका, नावावर जे देवानंद इंगळे आहेत ते कोण तुमचे?"

"मीच."

"मशीन नाही म्हणते."

मी त्याला सांगितलं, की बाबा रे, या जिल्ह्यातल्या कितीतरी कामांवर या हाताच्या सह्या आहेत. तो म्हणाला, सही नाही चालत, अंगठा लागतो. माझ्या मागे उभ्या असलेल्या माणसाने तोपर्यंत पुढे होऊन आपला अंगठा लावला. त्याचाही जुळेना. त्याच्या मागच्या बाईंचाही जुळेना. पोराने मशीनच्या काचेवरून बोट फिरवलं, ते चिकटलं, आणि त्याने वास घेतला.

"काका, मशीनला काय लावलंत तुम्ही?"

"गारा," मी म्हणालो. घाईत खरं तेच तोंडातून गेलं.

रांग माझ्याविषयी जे बोलली ते इथे लिहिण्यासारखं नाही. एकाने तर ओळख काढून 'भिंतवाले इंगळे ना?' असंही विचारलं. पोराने ओल्या फडक्याने काच पुसत मला सांगितलं, की उद्या जयंतीची सुट्टी, परवा गुड फ्रायडे, तुम्ही शनिवारी हात धुऊन या. हात धुऊन या, हे शब्द जसेच्या तसे. मी घरी आलो आणि आधी दोन्ही हात साबणाने दोनदा धुतले.

शेवटी गीताबाईंनी अंगणातली चूल पेटवून दिली. पातेलं चुलीवर चढवून मी ढवळत बसलो. धूर माझ्याकडेच येत होता. मी जागा बदलली की तोही बदलायचा. चुलीला बटण नसतं, जाळ कमी कसा करायचा हे माझ्या शिक्षणात नव्हतं, पण मी मागे हटलो नाही. गीताबाई दोनदा येऊन पाहून गेल्या. "सायेब, उतरवा आता. चिक्कीचा पाक होऊन राह्यला."

"वहिनी," मी म्हणालो, "गारा थापीवरून घसरता कामा नये. कामावर आम्ही पातळ गारा पास करत नसू."

"बरं," त्या म्हणाल्या. "मंग थापी आनू काय?"

वाटलेले बदाम-अक्रोड घातले, नव्या डब्यात ओतलं, वरून हात फिरवून पातळी सारखी केली. खरं सांगतो, दिसायला इतका सुरेख गारा मी उभ्या नोकरीत पाहिला नव्हता. थोडा धुराचा वास होता, पण खऱ्या गाऱ्याला तरी कुठे गुलाबाचा असतो.

दुसऱ्या दिवशी जयंती. मी निळा फेटा बांधून सकाळपासून बाहेर होतो. मिरवणुकीत पोरांनी ओढून नाचायला लावलं, गुडघ्याने नकार दिला तरी नाचलो, आणि दोन दिवसांची सगळी कटकट विसरून गेलो. घरी काय घडत होतं याची मला कल्पना नव्हती.

घडलं ते असं. मयुरी मोबाईलवर मराठी लिहिते, पण इंग्रजी अक्षरांत. तिने आईला लिहिलं, की गारा झाला ना, एकदम गारा पाहिजे, त्या फार बारकाईने बघतात. आता इंग्रजी अक्षरांना काना-मात्रा कुठली असते? धम्मशीलाने वाचलं, की गार झाला ना, एकदम गार पाहिजे. पोरीच्या लग्नाचा प्रश्न. तिने डबा उचलला आणि फ्रीझरमध्ये अगदी आत, जिथे बर्फ जमतो तिथे, सारून ठेवला. वर फ्रीझचा काटा शेवटपर्यंत फिरवला.

पंधरा तारखेला दुपारी मी डबा शोधला. मिळाल्यावर उघडला. चमचा घातला. चमचा वाकला.

"हे फ्रीझरमध्ये काऊन ठेवलं?" मी विचारलं.

"पोरीनंच सांगतलं. गार पाह्यजे म्हने." तिने मोबाईल माझ्यापुढे धरला. मी वाचलं. तीन वेळा वाचलं. दोष कोणाला द्यायचा हे ठरेना, याचा राग सगळ्यात जास्त आला.

डबा उन्हात ठेवला, गरम पाण्यात ठेवला. उलटा करून आपटला तेव्हा आतला माल अखंड निघून ओट्यावर पडला, आणि ठण् असा आवाज आला. चारही कोपरे काटकोनात. वर डब्याच्या बुडाचा खोलगट ठसा. आमच्या खात्यात वीट तपासायची तर ती उंचावरून टाकून, वाजवून पाहतात. मी हे करायला नको होतं, पण हात सवयीने गेलाच. बोटाने वाजवली. पहिल्या प्रतीची होती.

तेवढ्यात पुढे गाडीचा हॉर्न वाजला. मलकापूरला रेल्वेने उतरून, राजूर घाट चढून मंडळी आली होती.

सिप्पोराबाई बुटक्या, सावळ्या, चष्मा लावणाऱ्या. नमस्कार केला, पाणी घेतलं आणि घर बघायला निघाल्या. माझी नोकरीतली प्रमाणपत्रं भिंतीवर आहेत, त्यांच्यासमोर थांबल्या नाहीत. थेट मागच्या दारात जाऊन उभ्या राहिल्या.

"ही भिंत?" त्यांनी विचारलं.

"बकरी टेकली," खिंडारातून पुंजाजी म्हणाले.

सिप्पोराबाईंनी बकरीकडे पाहिलं. बकरी लहानखुरी होती. मग माझ्याकडे पाहिलं. मयुरीने डोळे मिटून घेतले.

अंधार पडताना आम्ही जेवायला बसलो. सिप्पोराबाईंनी पांढरं कापड अंथरलं, मेणबत्त्या लावल्या. सोबत आणलेलं एकेक ताटात मांडलं. बिनखमिराच्या भाकऱ्या, कडू पाला, मिठाचं पाणी, अंडं, आणि काळ्या मनुकांचं सरबत. प्रत्येक जिन्नस कशाची आठवण, ते त्या हळूहळू सांगत होत्या. मिठाचं पाणी म्हणजे गुलामीतले अश्रू. कडू पाला म्हणजे गुलामीचा कडूपणा. मग त्यांनी ताटातल्या एका मोकळ्या जागेवर बोट ठेवलं.

"आणि इथे गारा."

धम्मशीला माझ्याकडे बघायला लागली, मयुरी माझ्याकडे बघायला लागली. मी आत गेलो आणि ओट्यावरचं झाकलेलं ताट घेऊन आलो. झाकण काढलं. वीट होती तशीच होती.

एलिझर बिचारा मदतीला धावला. त्याने चमचा लावला, मग सुरी लावली. सुरीचं टोक उडून सरबतात पडलं. मी उठून हत्यारांच्या पेटीतला हातोडा आणला. त्या क्षणी माझं काय झालं होतं ते सांगतो. मी भयंकर चिडलो होतो, खजुरावर, मिक्सरवर, अंगठ्याच्या मशीनवर, इंग्रजी लिपीवर. आणि त्या चिडण्याच्या खाली भीती होती, की माझ्या हातून माझ्याच पोरीचं लग्न मोडतंय. मी हातोडा मारला. वीट जागची हलली नाही, मेणबत्ती पडली.

तेव्हा खिंडारातून पुंजाजींचा आवाज आला. ते केव्हापासून पायरीवर बसून बघत होते. "काऊन बा? आजच्या रोजी हे लोकं वीट काऊन खाऊन राह्यले?"

मला वाटलं, संपलं.

सिप्पोराबाईंनी मान वर केली. "काय म्हणाले ते?"

"काही नाही," मी घाईने म्हणालो. "ते विचारतात, का. काऊन म्हणजे का. तुम्ही लक्ष देऊ नका."

"अहो, लक्ष कसं नको?" त्या म्हणाल्या. "आमच्यात या रात्री कुणीतरी 'का' विचारावंच लागतं. आजची रात्र वेगळी का? विचारल्याशिवाय गोष्ट सुरू करता येत नाही. एरवी घरातलं लहान माणूस विचारतं. एलिझर तिशी उलटली तरी दरवर्षी पाठ केल्यासारखं विचारतो. खरंच कळत नाही म्हणून विचारणारा माणूस मला किती वर्षांनी भेटला." मग दाराकडे वळून म्हणाल्या, "आत या भाऊ. बसा. सांगते."

पुंजाजी आत येऊन बसले. सिप्पोराबाईंनी गोष्ट सांगितली. राजाने विटा पाडायला लावल्या, पेंढा बंद केला तरी विटा तेवढ्याच मागितल्या, पाठीवर चाबूक, आणि मग एक दिवस सगळे उठून चालायला लागले ते थांबलेच नाहीत. धम्मशीला पदर तोंडाला लावून ऐकत होती. गोष्ट संपल्यावर ती हळूच म्हणाली, "आमची कालची मिरवणूकबी याचसाठी असते, ताई." सिप्पोराबाईंनी तिच्या हातावर हात ठेवला आणि बराच वेळ काढला नाही.

मग त्यांनी वीट दोन्ही हातांनी उचलली. फिरवून पाहिली. बोटाने वाजवली. ठण्.

"आमच्याकडे खजुराचा पातळ पाक करतात," त्या म्हणाल्या. "माझ्या सासूबाई करायच्या, मीही करते. दरवर्षी म्हणायचं गारा, आणि खायचं सरबत. हे कोणी केलं?"

"मी," मी म्हणालो.

"गार पाह्यजे म्हनून म्या फ्रीझरात ठेवलं," धम्मशीला म्हणाली.

"मी तर गारा लिहिलं होतं," मयुरी म्हणाली.

सिप्पोराबाईंना समजायला थोडा वेळ लागला. समजलं तेव्हा त्यांचा चष्मा खाली आला, वीट त्यांनी ताटात ठेवून दिली आणि त्या हसायला लागल्या. पदर तोंडात कोंबला तरी थांबेनात. एलिझर नंतर म्हणाला, बाबा गेल्यापासून आईला असं हसताना त्याने पाहिलं नव्हतं.

गीताबाईंनी खलबत्त्याचा दगडी बत्ता आणून एका घावात वीट फोडली, त्याबद्दल मी काही बोलत नाही. सगळ्यांना एकेक तुकडा मिळाला. सिप्पोराबाईंनी तो भाकरीवर ठेवला, डोळे मिटून दाढेखाली घेतला आणि पुष्कळ वेळ चघळत राहिल्या.

"धूर लागलाय," त्या म्हणाल्या.

"भट्टीतून निंघाली ना बाई," पुंजाजी म्हणाले. "कच्ची वीट सायेब पास करत नाईत."

सिप्पोराबाईंनी उरलेल्यातला मोठा तुकडा रुमालात बांधून पिशवीत टाकला, ठाण्याला बहिणीला दाखवायला. मग उठून मागच्या दारात गेल्या. चांदण्यात ते खिंडार, पलीकडची बकरी, खाली पडलेल्या माझ्या विटा, सगळं त्यांनी पुन्हा एकदा नीट पाहून घेतलं. मी मागे जाऊन उभा राहिलो. आता बोलतील, आता बोलतील, असं वाटत होतं.

"इंगळे साहेब," त्या म्हणाल्या, "पावसाळ्याच्या आत उरकून टाकू. मुलगी माझी झाली. फक्त लग्नाचा मांडव दुसऱ्या कुणाकडून घालून घ्या."

एवढ्या वर्षांत माझ्या कामावर पुष्कळ शेरे आले. इतका अपमानकारक एकही नव्हता, आणि इतका आनंद मला दुसऱ्या कुठल्याच शेऱ्याने झाला नाही. मी फक्त मान हलवली, कारण माझ्या तोंडात गारा होता, आणि तो अजून विरघळत नव्हता.